विटलेला निळा

बांग लेन, ९ डिसेंबर, बुद्धाब्द २५३८

भन्ते सुथिन यांना प्रयोंगचा नमस्कार.

तुमचं पत्र पोचलं. पोस्टमनने ते लमदुआनच्या हातात दिलं आणि तिने ते फाटकातच उभ्या उभ्या फोडलं. पाकिटावर नाव माझं होतं, पण माझ्या बायकोला हे सांगून उपयोग नसतो, तुम्हाला आठवत असेल. आत येऊन म्हणाली, "भाऊजींच्या विहारात कुणाचा तरी मासा आजारी आहे," आणि पत्र माझ्या ताटाशेजारी ठेवून गेली.

मी ते परत परत वाचलं. माझी तब्येत, तिची तब्येत, घर उभं आहे का पडलं, काही विचारलेलं नाही. चीवर घातल्यापासूनचं पहिलं पत्र, आणि ते एका माशासाठी. झुंजीचा मासा रंग सोडतोय, काय करावं? हे विचारायला सगळ्या देशात तुम्हाला मीच सापडलो. बाबांच्या सगळ्या बरण्या, नर, माद्या, पिल्लं, एका सकाळी कालव्यात ओतून पुण्य गाठीला बांधून गेलेला माणूस मला विचारतो की मासा जगवायचा कसा.

हे वाक्य लमदुआन खोडायला सांगते आहे. शाईने लिहिलंय, राहू द्या.

मासा तुमचा असता तर मी उत्तर दिलं नसतं. पण तो बुआखाव आजींचा आहे. या वयात पांढरी वस्त्रं घेऊन विहारात राहिलेल्या बाईला भाचीने एवढी एक जिवंत वस्तू आणून दिली, आणि ती डोळ्यांसमोर धुवट फडक्यासारखी होत चालली, तर तिला वाईट वाटणारच. म्हणून लिहितो.

पहिली गोष्ट थंडी. तुमच्या त्या उत्तरेकडच्या नान प्रांताच्या डोंगरात आत्ता सकाळी तोंडातून वाफ निघत असेल. हा मासा आमच्या भातखाचरातला, कोमट चिखलाचा. पाणी गार झालं की तो अंग चोरतो, खायचं सोडतो, आणि रंग आत ओढून घेतो. बरणी फरशीवर ठेवली असेल तर आधी उचला. लाकडी फळीवर ठेवा, स्वयंपाकघराच्या भिंतीला लागून, पण धूर जाणार नाही अशी. संध्याकाळी भोवती पोतं गुंडाळा. गरम पाणी मात्र ओतू नका. मायेपोटी लोक ओततात आणि मासा मारतात.

दुसरं, पाणी. आजी स्वच्छतेच्या असतील तर रोज सगळं पाणी फेकून नवं भरत असतील. तसं करू नका म्हणावं. थोडं काढायचं, थोडं घालायचं, तेही आदल्या दिवशी भरून उघडं ठेवलेलं.

सोबत वाळलेली बदामाची पानं पाठवतोय, ती रुंद पानांची, झाडावरून लाल होऊन आपोआप गळलेली. धुऊन एक तुकडा बरणीत टाका. पाणी चहासारखं होईल. घाबरू नका, त्याला तेच हवं असतं.

आणि मला कळवा की बरणी नक्की कुठे ठेवलेली असते, आजूबाजूला काय आहे, आणि मासा दिवसभर करतो काय. लांबून एवढंच सांगता येतं.

पार्सलात पपनसं लमदुआनने घातलीत, मी नाही.

प्रयोंग

ता. क. अक्षर मोठं आलंय. नवं पेन जाड आहे.


बांग लेन, ११ जानेवारी २५३९

भन्ते,

तुमचं उत्तर वाचून मी हसलो, हे कबूल करतो. लमदुआन तर बाहेर पायरीवर जाऊन बसली हसायला.

बरणी बुद्धमूर्तीसमोरच्या खांबाशी आणि खांबाला वरपासून खालपर्यंत आरशाच्या काचा जडवलेल्या. आजींना वाटलं, माशालाही दर्शन होईल. अहो, त्याला दर्शन कसलं होतंय. त्याला प्रत्येक तुकड्यात एकेक शत्रू दिसतोय. उजवीकडे बघावं तर एक कल्ले फुगवून उभा, डावीकडे दुसरा, आणि एकही पळून जात नाही. असा महिनोन्महिने जो छाती काढून उभा राहील त्याचा रंग जाईल नाहीतर काय होईल? आपले बाबा बरण्यांच्या मध्ये पुठ्ठे लावायचे ते उगाच नाही. दिवसातून एकदा पुठ्ठा काढायचा, थोडा वेळ फुगू द्यायचं, की परत झाकायचं.

आता बरणी स्वयंपाकघरात गेली हे चांगलं झालं. पहिले काही दिवस तो तळाशी पडून राहील. आजींना सांगा, तो मेलेला नाही, झोप काढतोय.

खाण्याचं मला आधीच लक्षात यायला हवं होतं. आजींनी डासांच्या अळ्या घालायला साफ नकार दिला हे तुम्ही लिहिलंत. व्रत घेतलेल्या बाईने जीव मारून माशाला घालायचा कसा. पण नुसत्या भाताच्या शितांवर हा मासा उजळत नाही, तो मांसाहारी प्राणी आहे. म्हणून सुकं खाद्य पाठवतोय. झिंग्याची पूड आहे, मेलेलीच आहे, पाप माझ्या नावावर. चिमटीत मावेल त्याहूनही कमी घालायचं आणि उरलेलं काढून टाकायचं.

त्याच्या अंगावर मिठाचे कण असावेत तसे पांढरे ठिपके नाहीत ना, किंवा उजेडात सोनेरी धूळ दिसत नाही ना, तेवढं बघा. ते असेल तर रोग आहे आणि औषध वेगळं. नसेल तर हा मासा नुसता गारठलेला, थकलेला आणि अर्धपोटी आहे. तो परत येईल.

आमच्याकडचं विचाराल तर, तुम्ही विचारलेलं नाही, पण यंदा आमचेही मासे विटलेत. मला वाटतं कालव्याचं पाणी बिघडलंय. वरच्या अंगाला लोकांनी कोळंबीची तळी केली आहेत. मी विहिरीचं पाणी आणून पाहिलं, पानं घातली, खाद्य बदललं, बरण्या उन्हाच्या बाजूला हलवल्या. फरक नाही. लमदुआन म्हणते, मासे चांगले आहेत. तिला माशांतलं काही कळत नाही. परवा नवं सारोंग नेसून समोर आली, कसं दिसतं विचारलं. मी म्हटलं, तपकिरी रंग तुला शोभतो. तेव्हापासून बोलणं कमी आहे. ती म्हणते ते जांभळं आहे. दुकानदाराने फसवलं असणार.

आजींना माझा नमस्कार.

प्रयोंग


बांग लेन, १६ फेब्रुवारी २५३९

भन्ते,

आजींच्या माशाची पाठ लाल झाली हे वाचून बरं वाटलं. आधी पाठ, मग पोट, पर सगळ्यात शेवटी. परांच्या कडा अजून पांढुरक्या आहेत म्हणता, त्या तशाच राहिल्या तर राहू द्या. काही माशांचा रंग वयाने उतरतो, काहींचा जन्मतःच चंचल असतो, आज लाल तर पुढच्या वर्षी ठिपक्यांचा. तिथे आपला काही उपाय नाही, आणि माशाला त्याचं दुःखही नसतं. खातोय, वर येऊन बघतोय, आजींची चाहूल लागली की काचेशी येतोय, एवढं पुष्कळ झालं.

आता जे लिहितोय ते तुम्हाला सांगायचं नाही असं मी ठरवलं होतं.

गेल्या पावसाळ्यात संगवियन काका कालव्यात जलपर्णी उपसत होते. शेजारचे आपले काका, अजून तसेच आहेत, फक्त दात गेले. त्यांच्या टोपलीत झुंजीचा एक मासा आला. रानातला असतो तसा आखूड परांचा, मातकट. टाकून देणार होते. पण टोपली उन्हात आली, त्याने कल्ले फुगवले, आणि काका टोपली घेऊन तसेच ओल्या पायांनी आमच्या घरात आले.

भन्ते, तो बाबांचा निळा होता.

तुम्हाला वेगळं सांगायला नको. बाजारात निळे मासे ढिगाने मिळतात. तो निळा बाबांशिवाय कुणाकडे नव्हता, वळला की आतून पेटल्यासारखा दिसणारा. तुम्ही सोडलेल्यांतले काही जगले असणार. रानातल्या माद्यांशी त्यांचे संसार झाले, पिढ्या गेल्या, आणि तो रंग त्या चिखलात कुठेतरी तग धरून राहिला. मी समजत होतो सगळे बगळ्यांनी खाल्ले.

मी त्याची जोडी लावली. पिल्लं झाली. मी माझ्या हाताने त्यांना तळ्यातले बारीक किडे गाळून घातले, एकेकाला वेगळ्या बरणीत काढलं. जन्मात एवढी मेहनत कशावर केली नव्हती. तुम्हाला कळवायचं नाही हेही तेव्हाच ठरवलं. कळवलं असतं तर तुम्ही बरोबर होतात असं झालं असतं.

पण रंग टिकला नाही. मागच्या पत्रात विटलेले मासे म्हटलं ते हेच. महिन्यामागून महिना ते मळत गेले. आता तर तो मूळचा कालव्यातला नरसुद्धा राखेत बुडवून काढल्यासारखा दिसतो. ज्याने तुमच्या आजींचा मासा इतक्या लांबून उजळवला त्याला स्वतःच्या घरातले उजळवता येत नाहीत.

काल मी ठरवलं की पुरे. सगळे परत कालव्यात. बादली घेतली तर लमदुआन दारात उभी.

"कुठे निघालात?"

"जिथून आले तिथे सोडायला. रंग गेलेली जात ठेवून करायचं काय?"

"अहो, निळे आहेत ते. सगळेच्या सगळे निळे आहेत."

"माझं समाधान करू नकोस. काकांनाही तूच पढवलं आहेस. तुझ्या हातचं जेवतात, तू म्हणशील ते बोलतात."

तिने माझ्या हातातली बादली काढून घेतली. मग म्हणाली, "एक भाऊ पुण्यासाठी सोडून गेला, दुसरा रागासाठी सोडतोय. या घरात मासे ठेवणारं कुणी जन्मलं नाही का?"

आणि तिने सगळ्या बरण्या उचलून आतल्या खोलीत नेल्या आणि कुलूप घातलं. किल्ली कमरेला आहे. मी जेवायला मागितलं की वाढते, किल्ली मागितली की ऐकू येत नाही.

तिला कसं समजवायचं ते सांगा. धम्म सांगता तर हेही सांगा.

प्रयोंग


बांग लेन, १९ मार्च २५३९

भाऊजींना लमदुआनचा साष्टांग नमस्कार. हे अक्षर माझं आहे. ते बाजेवर पडून सांगताहेत, एका डोळ्यावर पट्टी आहे, दुसऱ्याचा उपयोग नाही. मी जसं सांगतील तसं लिहीन असं वचन दिलंय. मध्ये कुठे मला बोलायचं झालं तर बोलेन, ते वचनात नाही.

भन्ते,

तुमचं पत्र चार ओळींचं होतं. लमदुआनला कसं समजवायचं हे मी विचारलं, आणि तुम्ही लिहिलंत, "प्रयोंग, तुझं अक्षर प्रत्येक पत्रात मोठं होत चाललंय. जांभळं सारोंग तुला तपकिरी दिसलं. उजेडात एक बरणी घे आणि आधी एक डोळा झाकून बघ, मग दुसरा. मग मला कळव विटलंय कोण."

मला इतका राग आला की मी पत्राचा गोळा केला. माशांच्या बाबतीत मला कुणी शिकवावं, आणि तेही तुम्ही?

(गोळा मी उलगडून ठेवलाय, भाऊजी. ल.)

दोन दिवस मी काही केलं नाही. तिसऱ्या दिवशी ती बाजारात गेली. किल्ली चुकून घरी राहिली होती.

(चुकून नाही. ल.)

खोली उघडली. बाबांच्या निळ्यातला एक नर खिडकीत धरला. डावा डोळा झाकला तेव्हा मासा धुरकट, पण काहीतरी निळसर. उजवा झाकला आणि बरणीत चहा होता. मासा चहात, खिडकी चहात, माझा हातही चहात. मी तिथेच खाली बसलो. इतके महिने मी पाणी बदलत होतो.

ती परत आली तेव्हा मी बरणी मांडीवर घेऊन बसलेला होतो. तिने मला पाहिलं. भाजीची पिशवी ठेवली आणि म्हणाली, "उद्याची पहिली बस धरू."

शहरच्या इस्पितळातली डॉक्टर आपल्या काकांच्या नातीएवढी. मोतीबिंदू म्हणाली, आणि पिकलेला. या पिवळ्या पडद्यातून निळा रंग सगळ्यात आधी मरतो, असं तिने सांगितलं. मी तिला विचारलं, पडद्याआड असलेला मासा मग निळाच असेल का? ती म्हणाली, "मासा मी पाहिलेला नाही, आजोबा." मला आवडली ती. काल तिने डावा डोळा केला. उजवा पावसाळ्यानंतर.

मला भीती वाटली होती, हे लिही.

(लिहिलं. रात्रभर माझा हात सोडला नाही, हे त्यांनी सांगितलेलं नाही. ल.)

आता एक अडचण झाली आहे. वर "तुम्ही" लिहून झाल्यावर ही पेन थांबवून मला विचारते, "भाऊजींना असंच लिहायचं का? बोलताना तुम्ही सारखं 'दादा असा, दादा तसा' म्हणता, आणि सांगताना 'भन्ते तुम्ही'. मला कुठलं लिहायचं ते एकदा सांगा."

मी म्हटलं, चीवराचा मान असतो.

ती म्हणते, मान नमस्कारात ठेवते, बाकी पत्र भावाला लिहिते.

तर दादा, तुझ्या मनाला लागेल असं मी पहिल्या पत्रात लिहिलं होतं. ते मी मागे घेणार नाही. तू विचारायला हवं होतंस. त्या बरण्या माझ्याही होत्या. पण तू लिहिलेल्या चार ओळी वाचल्या नसत्या तर मी ते निळे मासे कालव्यात ओतून, वर तुलाच दोष देत बसलो असतो. एवढंच.

सोमवारी पट्टी निघेल.

प्रयोंग, लमदुआनच्या हातून


बांग लेन, ७ एप्रिल २५३९

दादा,

हे अक्षर माझं, बघ किती बारीक आलंय.

पट्टी इस्पितळातच निघाली. डॉक्टरने विचारलं, काय दिसतं? मी म्हटलं, भिंत पांढरी आहे. त्यात काय नवल, असं तिच्या तोंडावर होतं. पण दादा, मी विसरलोच होतो भिंत इतकी पांढरी असते. मग वळून लमदुआनकडे पाहिलं. तिचे केस पिकलेत. पुढचे सगळे, कानापर्यंत. हे केव्हा झालं मला कळलंच नाही. मी तिच्याकडे इतका वेळ बघत राहिलो की ती लाजली आणि म्हणाली, "आधी सारोंगचं काय ते बोला."

जांभळं होतं. मी तसं सगळ्यांसमोर कबूल केलं. नर्ससुद्धा हसल्या.

घरी आलो तर तिने बरण्या आधीच ओट्यावर, सकाळच्या उन्हात मांडायला काकांना सांगून ठेवलं होतं. काका बाजूला उभे, दात नसलेल्या तोंडाने हसत. मी पुठ्ठे काढत गेलो. एकाने दुसऱ्याला पाहिलं, कल्ले फुगवले, मग पुढच्याने, मग त्याच्या पुढच्याने, आणि सगळी रांग पेटत गेली. सगळे अगदी बाबांच्या निळ्याचे नाहीत. काहींवर रानाचा मातकट वर आलाय, एकाच्या शेपटीत लाल रेघ आहे. पण जे आहेत ते आहेत. मी खुर्ची मागितली.

काका म्हणाले, "सांगत होतो ना निळे आहेत."

मी म्हटलं, "तुम्ही हिच्या हातचं जेवता."

ते म्हणाले, "जेवतो म्हणून काय आंधळा आहे?" आणि मग माझ्याकडे बघून त्यांनी तोंडावर हात ठेवला. आम्ही तिघंही खूप हसलो.

आता तुझं पत्र. तू लिहितोस आजी काळजीत आहेत. मासा लाल झाला, चपळ झाला, पण आता पाण्यावर फेसाचा पुंजका दिसतो, रोज वाढतो, त्या तो चमच्याने काढून टाकतात आणि दुसऱ्या दिवशी तो परत असतो. हा कुठला रोग, असं त्या विचारतात. आणि तुलाही सांगता आलं नाही. बाबांच्या घरात वाढलेला माणूस तू. झुंजी तेवढ्या बघितल्यास, बाकी काही बघितलं नाहीस.

तो रोग नाही. ते घर आहे. नर तोंडाने एकेक बुडबुडा करतो, वर नेऊन चिकटवतो, अंडी ठेवायला. आजारी मासा करत नाही, गारठलेला करत नाही, भ्यालेला तर नाहीच नाही. पोट भरलेलं, पाणी उबदार, भोवती शत्रू नाहीत असं त्याला पटलं की तो बांधायला घेतो. मादी बरणीत आहे की नाही हे तो बघतही नाही. आजींना सांग, चमचा ठेवून द्या आणि फेसाला हात लावू नका. पाणी घालाल तेही कडेने, हळू.

लमदुआन हे मागून वाचते आहे आणि म्हणते की नुसतं लिहून आजींचं समाधान होणार नाही, कुणीतरी शेजारी बसून दाखवायला पाहिजे. डॉक्टरनेही प्रवासाला हरकत नाही म्हटलंय, फक्त डोळ्यात पाणी उडू द्यायचं नाही. म्हणजे सोंगक्रानच्या सणाला मी पाणी उडवणाऱ्या पोरांपासून लांब राहणार आणि तुझ्या हातांवर पाणी घालून नमस्कार तेवढा करणार. दोन निळे सोबत आणतोय, एक आजींना विचारून त्यांच्याकडे, एक तुला न विचारता तुझ्याकडे. वेगवेगळ्या बरण्यांत, आणि त्या खांबापासून लांब.

बारा तारखेच्या बसची तिकिटं तिने काढलीसुद्धा. सकाळी उतरू. थंडी राहिली असेल तर आमच्यासाठीही एखादं पोतं काढून ठेव.

तुझा,
प्रयोंग